अधरगोट्याचा परवाना: कोणाला मिळतो, कागदं कोणती लागतात, आणि काट्याची अट

अधरगोटा, म्हणजे ओझं निम्मं करणारा दगड, कल्पनेतला आहे, तेव्हा उद्या सकाळी तहसीलच्या खिडकीवर त्याचा अर्ज मागू नका. पण मराठवाड्याच्या विहिरींतून तो खरोखर निघाला असता, तर त्याचा कारभार असा चालला असता.

गोटा सापडतो विहीर खोदताना. काळ्या पाषाणाच्या दोन थरांमधे लाल गेरूचा पट्टा लागतो, त्यात हे राखाडी, गुळगुळीत दगड असतात. मुठीएवढा गोटा हंड्याला किंवा मोळीला बांधला की तिचं वजन निम्मं होतं. पंधरा लिटरच्या भरलेल्या हंड्यातलं पाणी डोक्यावर साडेसात किलोचं वाटतं. हंड्यातलं पाणी मात्र पंधरा लिटरच राहतं, आणि परवान्याच्या बहुतेक अटी एवढ्या एका गोष्टीतून निघाल्यात.

आधी मालकीचं बघू. विहीर तुमची असली तरी गोटा सरकारचा. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता 1966 चं कलम 48 खनिजांवर सरकारचा हक्क सांगतं; वाळू आणि मुरुमाचे दंड याच कलमाखाली होतात, बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत. अधरगोट्यालाही तेच लागू. सापडला की तलाठ्याला कळवायचं, पंचनामा करून घ्यायचा आणि मग वापराचा परवाना मागायचा. गुपचूप माळवदावर ठेवून दिला तर दंड ठरलेला. शिवाय घर हलकं होतं ते वेगळंच.

परवाना तिघांना मिळतो: ज्याच्या विहिरीत गोटा निघाला तो खातेदार, ऊसतोड मजूर, आणि टँकरवर अवलंबून असलेल्या गावातला महिला बचत गट. अडते, काटेवाले आणि गुळाचे व्यापारी यांना मिळत नाही. यावर बरीच ओरड होते, पण मला तरी ही अट रास्त वाटते. कारण पुढे येईलच.

खातेदारानं डिजिटल सहीचा सातबारा, आठ-अ, आधार आणि पंचनाम्याची प्रत जोडायची. अर्ज अडतो तो सातबाऱ्यावर. विहिरीची नोंद नसेल तर आधी ती लावून घ्या. विहीर सामाईक असेल तर सगळ्या हिस्सेदारांची संमती लागते. पुण्याला गेलेल्या चुलत भावाची सही आणायची म्हणजे काय, ते ज्यानं आणली त्यालाच विचारा. आपल्याकडं आणखी एक भानगड आहे. 1948 पर्यंत आपण निजामाच्या राज्यात होतो, त्यामुळं जुन्या नोंदी कुठं उर्दूत, कुठं मोडीत. जमीन मुळात इनामाची असेल तर 1954 चं खासरा पत्रक, म्हणजे जमिनीची जुनी नोंद, मागतातच. त्याची नक्कल तहसीलच्या अभिलेख कक्षातून आधीच काढून ठेवा.

ऊसतोड मजुराला सातबारा लागत नाही. ग्रामसेवकानं दिलेलं ओळखपत्र आणि आधार एवढ्यावर काम होतं. एका कोयत्यामागं, म्हणजे तोडणीच्या एका जोडप्यामागं, एक अर्ज, त्यावर नवरा-बायको दोघांची नावं. मुकादमाच्या नावानं अर्ज भरू देऊ नका, नाहीतर गोटाही उचलीच्या, म्हणजे त्यानं आगाऊ दिलेल्या पैशांच्या, हिशेबात धरला जाईल. आणि दसऱ्यानंतर गाव रिकामं होतं, म्हणून पोळ्याआधीच अर्ज देऊन मोकळे व्हा. बचत गटाला ग्रामसभेचा ठराव आणि बँक पासबुक पुरतं.

आता काट्याची अट. तोडणीची मजुरी टनावर मिळते. दहा टनांची खेप गोट्यासकट काट्यावर चढली तर काटा पाच टन दाखवणार. मोळी डोक्यावर असताना जेवढा आराम मिळाला, तो सगळा पगारातून गेला म्हणून समजा. म्हणून नियम असा की साखर कारखान्याच्या गव्हाणीत, म्हणजे ऊस टाकतात तिथं, शिरण्याआधी, काट्याच्या अलीकडंच, गोटे काढून पेटीत ठेवायचे आणि पेटी गाडीपासून लांब न्यायची. उलट बाजूनं हीच लबाडी बाजार समितीत होऊ शकते: काट्याखाली गोटा लपवला की शेतकऱ्याचं सोयाबीन निम्म्या भावात गेलं. काटेवाल्यांना परवाना नाही तो यासाठी. जुना दोन पारड्यांचा तराजू यात फसत नाही, कारण माल आणि माप दोन्ही सारखेच हलके होतात. इलेक्ट्रॉनिक काटा मात्र फसतो. शंका आली तर वैधमापन शास्त्र विभागाकडं, म्हणजे वजनमापे कार्यालयात, तक्रार करा. 2009 च्या वैधमापन कायद्यात काट्याशी छेडछाड हा गुन्हा आहे.

अर्जासोबत एक स्वयंघोषणापत्र असतं, तेही साध्या कागदावर. त्यातलं तिसरं कलम लोक न वाचता सही करतात, म्हणून इथं सांगतो: गोटा बांधलेली ट्रॉली उतारावर न्यायची नाही. माल हलका झाला की चाकांची रस्त्यावरची पकड घटते, पण मालाचा पुढं ढकलायचा जोर तेवढाच राहतो. सगळी गाडीच निम्मी हलकी केली तर ब्रेक लावल्यावर ती दुप्पट अंतर घेऊन थांबेल. विहिरीत उतरणाऱ्यांनीही भ्रमात राहू नये. दहा मीटरवरून साधा माणूस साधारण दीड सेकंदात तळाला पोचतो, गोटा कमरेला असलेला दोन सेकंदांत. अर्ध्या सेकंदात काही वाचत नाही.

अर्ज सेतू केंद्रात द्या आणि पोचपावती घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. 2015 च्या लोकसेवा हक्क अधिनियमाखाली मुदतीत निकाल आला नाही तर पहिलं अपील, मग दुसरं, आणि शेवटी राज्य सेवा हक्क आयोग. पावती नसेल तर यातलं काहीच करता येत नाही.

परवानाधारक वारला तर गोटा आपोआप पोराकडं जात नाही. वारसाचा फेरफार मंजूर होईपर्यंत तो तलाठ्याकडं जमा करायचा, आणि जमा करताना वजन तराजूवर करून घ्यायचं.