बायबलचे आधुनिक अर्थनिर्णयन

बायबलमधील ग्रंथांचा अर्थ चिकित्सक अभ्यासाच्या आधारे लावण्याच्या अनेक पद्धतींचे हे एकत्रित नाव. असा अभ्यास करणाऱ्यांत श्रद्धावान ख्रिस्ती आहेत, ज्यू आहेत आणि कोणताही धर्म न मानणारेही आहेत. हा मजकूर कोणी, केव्हा, कोणासाठी लिहिला आणि आपल्यापर्यंत कसा पोहोचला, हे त्यांचे जुने प्रश्न. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात त्यांत आणखी एकाची भर पडली: वाचणारा कोण आहे?

चिकित्सेची सुरुवात मोशेच्या पंचग्रंथापासून, म्हणजे बायबलच्या पहिल्या पाच पुस्तकांपासून झाली. उत्पत्तीच्या पुस्तकात देवाला कोठे ‘एलोहिम’, तर कोठे ‘याहवे’ म्हटले आहे, हे पाहून झाँ आस्त्र्युक या फ्रेंच वैद्याने १७५३ मध्ये मजकुराचे वेगवेगळे धागे उलगडून दाखवले. जलप्रलयाच्या कथेत ही वीण उघडीच पडते. सहाव्या अध्यायात नोहाने प्रत्येक प्राण्याची एकेक जोडी तारवात न्यायची आहे. सातव्यात शुद्ध पशूंच्या मात्र सात-सात. यूलियुस वेलहाउझेन या जर्मन अभ्यासकाने १८७८ मध्ये चार मूलस्रोतांची मांडणी रूढ केली. तिचे तपशील पुढे बरेच मोडीत निघाले, पण पंचग्रंथ एका हातचा नाही, हे मत टिकले. हेर्मान गुंकेल हा जर्मन अभ्यासक लिखित स्रोतांच्याही मागे गेला आणि स्तोत्र, विलाप, दंतकथा असे मौखिक प्रकार कोणत्या प्रसंगातून जन्मले, ते शोधू लागला.

नंतरच्या पद्धतींची नावे पाठ करण्यापेक्षा एकच उतारा हाताशी धरलेला बरा. मार्कचे शुभवर्तमान म्हणजे येशूच्या चरित्राचे एक पुस्तक. त्याच्या सातव्या अध्यायात येशू सोर प्रांतात एका घरी असतो. एक सुरफुनिकी, म्हणजे परजातीय (ज्यू नसलेली), बाई येऊन अशुद्ध आत्म्याने पछाडलेल्या मुलीसाठी त्याच्या पाया पडते. आधी मुलांना पोटभर जेवू द्यावे, मुलांची भाकर कुत्र्यांना घालणे बरे नव्हे, असे तो म्हणतो. ती उत्तरते, मेजाखालची कुत्रीसुद्धा मुलांच्या हातून पडलेला चुरा खातातच. या बोलण्यासाठी तो तिची मागणी मान्य करतो.

पाठचिकित्सक पहिल्यांदा शब्द तपासतो. बाईच्या उत्तराच्या आरंभी काही हस्तलिखितांत ‘होय’ आहे, काहींत नाही. हीच कथा सांगणाऱ्या मत्तयाच्या शुभवर्तमानात ते आहे. तेव्हा नकलकाराने तिकडून उचलून मार्कमध्ये घातले असावे, असे अनेक संपादक मानतात. ‘कुत्रा’ या शब्दाचे येथे लघुत्वदर्शक रूप आहे, म्हणून ती लाडकी पिल्ले होती आणि अपमान काही नव्हता, असा बचाव नेहमी केला जातो. तो फारसा टिकत नाही. याच उताऱ्यात मार्कने मुलीसाठी आणि चुऱ्यासाठीही तशीच रूपे वापरली आहेत. ती त्याची लकबच दिसते.

लेखकाने हाती आलेल्या मजकुरात काय बदलले, हे पाहणारी संपादनचिकित्सा १९५० च्या दशकात ग्युंटर बोर्नकाम, हान्स कॉन्झेलमान आणि विली मार्क्सेन यांनी पुढे आणली. मत्तयासमोर मार्कचा मजकूर होता, हे बहुसंख्य अभ्यासकांना मान्य आहे. ते धरून पाहिले तर मत्तयाने काय बदलले, हे बोलके ठरते. त्याने बाईला ‘कनानी’ केले, ‘आधी’ हा शब्द गाळला आणि इस्राएलच्या हरवलेल्या मेंढरांकडेच आपल्याला पाठवले आहे, हे वाक्य घातले. मार्कमध्ये बाई तिच्या बोलण्यामुळे जिंकते, मत्तयात तिच्या विश्वासामुळे.

कथनमीमांसेला मूळ घटनेपेक्षा कथेची बांधणी महत्त्वाची वाटते. मार्कने हा संवाद दोन मोठ्या जेवणावळींच्या मध्ये ठेवला आहे. पहिल्या जेवणानंतर बारा टोपल्या उरतात, दुसऱ्यानंतर सात. भाकरीचा धागा अकारण आलेला नाही. गेर्ट थाइसेन या जर्मन अभ्यासकाने मात्र खरीखुरी भाकर पाहिली. श्रीमंत सोर शहराचे पोट गालीलच्या, म्हणजे येशूच्या प्रदेशातल्या, शेतांवर भरत असे. या पार्श्वभूमीवर ‘मुलांची भाकर’ हे शब्द गालीलकर शेतकऱ्याच्या कडवटपणातून आलेले वाटतात. येशूचे ते कठोर वाक्य समजून घ्यायला या एका निरीक्षणाची जितकी मदत होते, तितकी शेकडो प्रवचनांची होत नाही.

मग वाचकाचा प्रश्न येतो. एलिझाबेथ श्युस्लर फिओरेन्झा यांनी १९८३ मध्ये आरंभीच्या ख्रिस्ती समाजातील स्त्रियांचा इतिहास नव्याने मांडला. मजकूर पुरुषांनी जपला आहे, म्हणून तो संशयाने वाचायचा, ही त्यांची भूमिका. त्यांच्या वाचनात ही बाई परजातीय ख्रिस्ती परंपरेची आद्य स्त्री-पूर्वज ठरते. बोट्स्वानाच्या मुसा दुबे यांना तेवढे पुरत नाही. २००० मध्ये त्यांनी दाखवले की मत्तयाची ‘कनानी’ बाई म्हणजे ज्यांची भूमी बळकावायची अशा लोकांची प्रतिनिधी आहे, आणि तिची नम्रता साम्राज्याच्या सोयीची आहे. आफ्रिकेत मिशनरी आणि वसाहत एकाच वाटेने आले, हे त्या विसरू देत नाहीत. श्रीलंकेत जन्मलेले आर. एस. सुगीर्थराजा यांचे वसाहतोत्तर लेखन आणि अरविंद निर्मळ यांचे दलित ख्रिस्ती चिंतन याच वळणाचे.

नव्या पद्धतींनी जुन्या निकालात काढल्या, असे समजणे चूक. मार्क आणि मत्तय यांच्यातला फरक आधी कोणी नोंदवला नसता, तर ‘कनानी’ शब्दावर दुबे यांचा युक्तिवाद उभाच राहिला नसता. याउलट ब्रेव्हर्ड चाइल्ड्स यांची तक्रार वेगळी होती. १९७९ मध्ये त्यांनी म्हटले, की तुकडे पाडण्याच्या नादात श्रद्धावंतांनी स्वीकारलेला अखंड ग्रंथ हातातून निसटतो.

कॅथलिक धर्मसभेने या चिकित्सेकडे बराच काळ संशयाने पाहिले. १९४३ मध्ये पोप बाराव्या पायसने तिच्यासाठी दार उघडले. १९९३ मध्ये पोपच्या बायबल आयोगाने ऐतिहासिक-चिकित्सक पद्धत अपरिहार्य ठरवली आणि सर्वांत कडक शब्द अक्षरवादी वाचनासाठी, म्हणजे प्रत्येक शब्द जसाच्या तसा खरा मानण्यासाठी, राखून ठेवले. स्त्रीवादी वाचनावरील शेवटच्या परिच्छेदावर मात्र आयोगात एकमत झाले नाही: १९ मतांपैकी ११ बाजूने, ४ विरोधात, ४ तटस्थ. विरोधकांच्या आग्रहावरून ही मतसंख्या दस्तऐवजातच तळटीप म्हणून छापावी लागली.