‘सैरंध्री’: कात्री कुठे लागली?

विराटाच्या घरी काय घडले ते इथे सांगायला नको. सैरंध्री नावाने दासी होऊन राहिलेल्या द्रौपदीच्या मागे लागलेला कीचक आणि तिने दाद मागितली तरी गप्प बसलेला दरबार, हा प्रसंग आपल्या मूकपटांनी फार लवकर उचलला. दक्षिणेत १९१०च्या दशकातच त्यावर एक चित्रपट निघाला होता.

पुण्यात १९२० साली ‘सैरंध्री’ लागला, तेव्हा मराठी प्रेक्षकाच्या डोक्यात आधीच एक कीचक होता. हा मूकपट ज्यावर बेतला होता त्या खाडिलकरांच्या १९०७च्या ‘कीचकवध’ नाटकात कीचक म्हणजे माजी व्हाइसरॉय लॉर्ड कर्झन, द्रौपदी म्हणजे हिंदुस्थान आणि निमूट सोसणारा धर्मराज म्हणजे काँग्रेसमधले मवाळ, हे पिटातल्या माणसालाही कळत होते. सरकारलाही कळले; १९१० मध्ये नाटकावर बंदी आली.

कोल्हापूरचे चित्रकार-दिग्दर्शक बाबूराव पेंटर यांनी तोच विषय पडद्यावर आणला. भीमाने केलेला वध इतका खरा वाटला, की थिएटरात किंकाळ्या उठल्याच्या आठवणी सांगतात. सेन्सॉरने तो प्रसंग कापला. कारण दिले गेले भीषणतेचे. पण बंदी आलेल्या नाटकाचा कीचक पुन्हा सर्वांदेखत मारला जात असताना कारण तेवढेच असेल, हे पटत नाही. चित्रपट आज उपलब्ध नाही, त्यामुळे वाद मिटण्यातला नाही. मात्र खटकले ते कीचकाला झालेले शासन. त्याने बाईचा केलेला छळ नव्हे. लोकमान्यांनी दिग्दर्शकाला ‘सिनेमा केसरी’ म्हटले, आणि पुढची सगळी चर्चा भीम नि कर्झन यांचीच झाली.

सैरंध्री मागे पडली. ‘लंकादहन’मध्ये (१९१७) राम आणि सीता दोघेही एकाच पुरुष नटाने केले होते, रावणाच्या कैदेतली सीताही पुरुषच. बाबूराव पेंटरांनी मात्र ‘सैरंध्री’त दोन बायका उभ्या केल्या. त्या दोघींना पडद्यासाठी नवी नावे घ्यावी लागली, जातीने वाळीत टाकले आणि स्टुडिओच्या आवारातच आसरा घ्यावा लागला. कीचक करणाऱ्या नटाला वाळीत टाकल्याचे कुठे वाचनात नाही.

त्याच स्टुडिओत घडलेल्या त्यांच्या शिष्याने, व्ही. शांताराम यांनी, १९३३ मध्ये ‘सैरंध्री’ पुन्हा काढला, बोलता आणि रंगीत. प्रती जर्मनीत तयार करून घेतल्या. रंग फसले, आणि या वेळी बोलणे झाले ते रंगांचेच.