ग्रॅच्युइटीचा अर्ज कसा करायचा : नवीन लेबर कोडनंतर काय बदललं, कोण पात्र, कोणते कागद लागतात

नोकरी सोडली, शेवटचा पगार आला, पीएफ पण निघाला, आणि ग्रॅच्युइटीचं विचारलं की एचआरवाले म्हणतात "प्रोसेसमध्ये आहे". हे प्रोसेसमध्ये आहे असं ऐकत लोक सहा-सहा महिने थांबतात आणि एक साधा लेखी अर्ज सुद्धा दिलेला नसतो. म्हणून हे सगळं नीट लिहितोय, कारण ग्रॅच्युइटी म्हणजे मालकाने खूश होऊन दिलेलं बक्षीस नाही, तो तुमच्या नोकरीच्या वर्षांचा कायद्याने ठरलेला पैसा आहे.

आधी कायद्याचं. इतकी वर्षं १९७२ चा पेमेंट ऑफ ग्रॅच्युइटी अॅक्ट होता. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राने चार लेबर कोड लागू केले, २९ जुने कामगार कायदे त्यात घेतले, आणि ग्रॅच्युइटी आता सामाजिक सुरक्षा संहिता २०२० मध्ये आली. बदलाच्या काळात जुने नियम आणि जुने फॉर्म चालू राहतील असं सरकारने तेव्हाच सांगितलंय. त्यामुळे खाली जे फॉर्म सांगतोय ते जुन्या नियमांतले आहेत, तुमच्या ऑफिसात नवीन नमुना आला असेल तर तो घ्या पण फॉर्मचा नंबर शोधत बसून अर्ज लांबवू नका, मजकूर तोच असतो.

पात्र कोण? जिथे १० किंवा जास्त माणसं कामाला आहेत (मागच्या १२ महिन्यांत एक दिवस जरी १० झाली असतील तरी) ती जागा कायद्यात येते, आणि एकदा आली की नंतर माणसं कमी झाली तरी बाहेर पडत नाही. पर्मनंट कामगाराला सलग ५ वर्षं नोकरी लागते. राजीनामा दिला, रिटायर झालात, कमी केलं, काहीही असो. मृत्यू झाला किंवा अपघाताने, आजाराने कायमचं अपंगत्व आलं तर ५ वर्षांची अट नाही. हे शेवटचं खूप घरांना माहीतच नसतं, दोन-तीन वर्षांच्या नोकरीत माणूस गेला तर घरचे समजतात की आता काही मिळणार नाही, तर तसं नाहीये.

सलग म्हणजे रोज हजर असं पण नाही. वर्षात २४० दिवस भरले की ते वर्ष धरतात (जमिनीखालच्या खाणीत किंवा आठवड्यात ६ दिवसांपेक्षा कमी काम चालतं तिथे १९० दिवस). पगारी रजा, कामावर झालेल्या अपघाताची सुट्टी, ले-ऑफ (काम नाही म्हणून तात्पुरतं घरी बसवलेले दिवस), मॅटर्निटी लीव्ह हे दिवस यात मोजले जातात. चार वर्षं आणि २४० दिवस झाले तर मिळतं का हा प्रश्न सगळे विचारतात. मद्रास हायकोर्टाचा निकाल मिळतं असं म्हणतो, पण बऱ्याच कंपन्या मानत नाहीत आणि भांडत बसावं लागतं, त्यामुळे राजीनाम्याची तारीख तुमच्या हातात असेल तर ५ पूर्ण करूनच निघा.

नवीन कोडमधला सर्वात मोठा बदल फिक्स्ड टर्मवाल्यांसाठी आहे. ठराविक मुदतीच्या काँट्रॅक्टवर डायरेक्ट कंपनीने घेतलेला कामगार असेल तर त्याला ५ वर्षं थांबायची गरज नाही, एक वर्ष काम झालं की केलेल्या कामाच्या प्रमाणात ग्रॅच्युइटी मिळते. अकरा-अकरा महिन्यांची लेटर देऊन माणसाला वर्षानुवर्षं राबवून घेणाऱ्या जागा आपण सगळ्यांनी बघितल्यात, तर असं लेटर हातात असेल तर प्रत्येक लेटर आणि प्रत्येक ब्रेकची तारीख जपून ठेवा. श्रमिक पत्रकारांसाठी ५ ऐवजी ३ वर्षं आहेत.

दुसरा बदल हिशोबातला, आणि हा शांतपणे समजून घ्या. सूत्र जुनंच आहे : शेवटचा मासिक वेतनाचा आकडा गुणिले १५ भागिले २६, गुणिले नोकरीची वर्षं. सहा महिन्यांच्या वरचा तुकडा असेल तर पूर्ण वर्ष धरतात. म्हणजे वेतन २६,००० असेल आणि नोकरी ७ वर्षं ८ महिने, तर वर्षाचे १५,००० आणि ८ वर्षांचे १,२०,०००. बदललंय ते "वेतन" कशाला म्हणायचं ते. आधी बेसिक आणि महागाई भत्ता एवढंच धरायचे, म्हणून कंपन्या बेसिक मुद्दाम लहान ठेवायच्या आणि बाकी सगळं एचआरए (घरभाडे भत्ता), कन्व्हेयन्स, स्पेशल अलाउन्समध्ये टाकायच्या. आता वगळायचे भत्ते एकूण मोबदल्याच्या ५० टक्क्यांच्या वर गेले तर वरचा भाग परत वेतनात मिळवतात. समजा महिन्याला एकूण ४०,००० आहेत, बेसिक १२,००० आणि भत्ते २८,०००. निम्मे म्हणजे २०,०००, भत्ते ८,००० ने जास्त झाले, ते ८,००० बेसिकमध्ये आले, वेतन झालं २०,०००. दहा वर्षांच्या नोकरीला जुन्या हिशोबाने साधारण ६९,२३१ आणि नव्या हिशोबाने १,१५,३८५. एवढा फरक पडतो! म्हणून २१ नोव्हेंबर २०२५ नंतर नोकरी सुटली असेल तर कंपनीने कुठला आकडा धरलाय ते स्लिप समोर ठेवून तपासाच. कायद्याने वरची मर्यादा २० लाख आहे, कंपनीला वाटलं तर जास्त देऊ शकते.

आता अर्ज. नोकरी सुटल्यापासून ३० दिवसांत मालकाकडे फॉर्म आय द्यायचा (इंग्रजी अक्षर आय, रोमन एक नाही, यात लोक गोंधळतात). रिटायरमेंटची तारीख माहीत असेल तर ३० दिवस आधीच देता येतो. माणूस वारला असेल तर नॉमिनीने फॉर्म जे, आणि नॉमिनीच नसेल तर कायदेशीर वारसाने फॉर्म के, वारसाला एक वर्ष मुदत आहे. उशीर झाला म्हणून हक्क बुडत नाही, नियमातच तसं लिहिलंय, पण उशिराचं कारण लिहा. आणि खरं तर अर्ज आला नाही तरी रक्कम ठरवून कळवणं हे मालकाचं काम आहे, तरी पण अर्ज द्याच, कारण पुढे भांडायची वेळ आली तर हातात तोच कागद असतो.

हे मी घरच्या अनुभवावरून सांगतोय. वडील एका कारखान्यात १७ वर्षं होते, सुटल्यावर तीन महिने नुसते हेलपाटे, साहेब मीटिंगमध्ये आहेत, फाईल वर गेलीय. मग फॉर्म भरला, दोन प्रती घेऊन गेलो, तर आवक टेबलवरचा माणूस प्रत ठेवून घ्यायला तयार पण पोच द्यायला तयार नाही. शिक्का नाही म्हणाला. आम्ही प्रत परत घेतली, तिथून सरळ पोस्टात जाऊन स्पीड पोस्टाने पाठवली, पोचपावतीसकट. बाराव्या दिवशी पत्र आलं, त्यात रक्कम होती, पण हिशोब फक्त बेसिकवर, महागाई भत्ता धरलाच नव्हता! शेवटच्या पगाराची स्लिप जोडून परत लिहिलं तेव्हा दुरुस्त झालं. सांगायचं म्हणजे पोच नसेल तर अर्ज दिलाच नाही असं समजा, ईमेल पण करा, आणि स्वतःची एक प्रत घरी राहू द्या.

कागद फार नाहीत. अपॉइंटमेंट लेटर, रिलीव्हिंग लेटर किंवा राजीनामा स्वीकारल्याचा मेल, शेवटच्या तीन महिन्यांच्या पगार स्लिप, आधार, पॅन, कॅन्सल चेक. अपॉइंटमेंट लेटर हरवलं असेल तर घाबरू नका, पीएफच्या पोर्टलवर यूएएनखाली (तुमचा पीएफचा कायमचा नंबर) सर्व्हिस हिस्ट्री असते त्यात जॉईन झाल्याची तारीख दिसते, शिवाय जुना फॉर्म १६, ईएसआयसीचं (कामगार विमा) कार्ड, पगार जमा झालेलं बँक स्टेटमेंट, यातलं जे असेल ते लावा. मृत्यूच्या केसमध्ये मृत्यू दाखला आणि नॉमिनीचा ओळख पुरावा, वारसाला वारस असल्याचा पुरावा. अपंगत्व असेल तर डॉक्टरचं सर्टिफिकेट.

अर्ज पोचल्यावर १५ दिवसांत मालकाने लेखी उत्तर द्यायचं, मान्य असेल तर फॉर्म एल, नाकारलं तर कारणासकट फॉर्म एम. पैसे ३० दिवसांत. त्यापुढे उशीर झाला तर साधं व्याज, १० टक्के दराने, उशीर तुमच्याच चुकीने झाला असेल तर गोष्ट वेगळी. कोड ऑन वेजेसमध्ये नोकरी सुटल्यावर दोन कामाच्या दिवसांत पगार द्यायचा असं आलंय, ते पगारासाठी आहे, ग्रॅच्युइटीचे ३० दिवस वेगळे, दोन्ही एकत्र करू नका.

नाकारायची कारणं पण मोजकी आहेत. मुद्दाम नुकसान केलं म्हणून काढलं असेल तर तेवढ्या नुकसानीपुरती रक्कम कापता येते. कामाच्या जागी दंगा, मारामारी किंवा नैतिक अधःपतनाचा (चोरी, फसवणूक असा) गुन्हा यासाठी काढलं असेल तर पूर्ण किंवा थोडी जप्त करता येते. नोटीस पिरियड भरला नाही, कंपनी तोट्यात आहे, तुम्ही कॉम्पिटिटरकडे गेलात, ही कारणं कायद्यात नाहीत. सीटीसीमध्ये (कंपनी तुमच्यावर करते त्या एकूण खर्चाच्या आकड्यात) बेसिकच्या ४.८१ टक्के ग्रॅच्युइटी दाखवलीय म्हणजे ती दर महिन्याला दिली असंही होत नाही.

उत्तरच नाही, नकार आला किंवा रक्कम कमी आली, तर ९० दिवसांत फॉर्म एन घेऊन कंट्रोलिंग अथॉरिटीकडे जायचं, म्हणजे ग्रॅच्युइटीचे वाद ऐकणारा सरकारी अधिकारी (नव्या कोडात याला सक्षम प्राधिकारी म्हणतात). कंपनीच्या शाखा एकापेक्षा जास्त राज्यांत असतील, किंवा रेल्वे, बँक, खाण, मोठं बंदर असेल तर केंद्राचं लेबर ऑफिस, त्यांचा दावा समाधान पोर्टलवर ऑनलाईन पण टाकता येतो. बाकीच्यांसाठी राज्याची यंत्रणा, आपल्या जिल्ह्यातल्या कामगार आयुक्तांच्या ऑफिसात विचारलं की कुठे दाखल करायचं ते सांगतात. सुनावणीची नोटीस येते, दोन्ही बाजू ऐकतात. आदेश झाला आणि तरी मालक देत नसेल तर वसुलीचा दाखला कलेक्टरकडे जातो आणि जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. मालकाला अपील करायचं असेल तर आधी रक्कम भरावी लागते, त्यामुळे नुसतं ताणत बसणं त्यालाही सोपं नाही.

जे अजून नोकरीत आहेत त्यांनी आजच एक काम करा, एचआरकडे आपला फॉर्म एफ मागून बघा. एक वर्ष पूर्ण झाल्यावर ३० दिवसांत हे नॉमिनेशन द्यायचं असतं, पण जॉईन होताना सह्यांच्या गठ्ठ्यात ते कधी भरलं, कोणाचं नाव घातलं हे आठवत नसतं. कुटुंब नसताना बाहेरच्या कोणाचं नाव टाकलं असेल तर लग्नानंतर ते रद्द धरतात, ९० दिवसांत फॉर्म जी भरून नवीन द्यावं लागतं, आणि बायकोचं नाव आधारवर जसं आहे अगदी तसंच लिहा, माहेरचं-सासरचं आडनाव यात सगळ्यात जास्त कागद अडकतात.