दृश्यगर्दी

दृश्यगर्दी : नजरेच्या कडेला असलेली वस्तू दिसते, पण शेजारच्या वस्तूंच्या व्यत्ययामुळे ती नेमकी कोणती हे ओळखता येत नाही. या घटनेला दृश्यगर्दी म्हणतात. नेत्रतज्ज्ञांच्या बोलण्यात तिच्यासाठी क्राउडिंग हा शब्द रूढ आहे. हा आजार नव्हे. निरोगी डोळ्यांच्या माणसालाही ती कायम असते. चष्म्याचा नंबर बदलून ती जात नाही, कारण तिचे मूळ डोळ्यात नसून मेंदूत आहे.

संध्याकाळी दादर स्थानकाच्या पुलावर इंडिकेटरकडे बघत उभ्या असलेल्या माणसाला बाजूच्या जिन्याने उतरणारा लोंढा दिसत असतो. कपड्यांचे रंग कळतात, कोण कुठल्या दिशेला चालला आहे हे कळते, घाईही कळते. त्या लोंढ्यातून शेजारच्या बिऱ्हाडातले काका गेले, हे मात्र कळत नाही. दुसऱ्या दिवशी ते म्हणतात, ‘‘काल दादरला तुमच्या बाजूनेच गेलो, बघितलंसुद्धा नाहीत!’’ वास्तविक त्यांची प्रतिमा डोळ्यात पोचलेली असते. पण पुढच्या-मागच्या चार चेहऱ्यांत त्यांचा चेहरा विरघळून जातो. ते एकटेच त्या जिन्यावरून उतरले असते, तर तितक्याच अंतरावरून त्यांच्या चालीवरून आणि ठेवणीवरून बहुधा ओळखू आले असते. दृश्यगर्दी आणि साधा अंधुकपणा यांतला फरक इथेच आहे. एकटी असताना ओळखू येणारी वस्तू शेजार मिळताच ओळखू येईनाशी होते. ती तिथे आहे एवढे मात्र दिसत राहते.

हा अनुभव घरबसल्या घेता येतो. खालच्या दोन्ही ओळींत नजर अधिकचिन्हावर खिळवून ठेवावी आणि ‘क’ कडे फक्त कडेने लक्ष द्यावे. योग्य अंतर साधले की पहिल्या ओळीतला ‘क’ वाचता येतो. दुसऱ्या ओळीत काहीतरी अक्षरांचा पुंजका आहे एवढेच जाणवते.

+ . . . . . . . . . . . . क

+ . . . . . . . . . . र क प

डोळ्याच्या पडद्यावर, म्हणजे दृष्टिपटलावर, मधोमध एक लहानसा खळगा असतो. स्पष्ट दृष्टी त्याच्या जोरावर चालते. हात पूर्ण लांब करून धरल्यावर अंगठ्याचे नख जेवढी जागा व्यापते, साधारण दीड-दोन अंश, तेवढ्याच भागात आपल्याला बारकावे दिसतात. एका डोळ्यात प्रकाश टिपणाऱ्या सुमारे 12 कोटी दंडपेशी आणि 60 लाख शंकुपेशी असतात, पण त्यांचा सगळा मजकूर मेंदूकडे नेणाऱ्या दृक्‌चेतेत तंतू असतात सुमारे 10 लाख. त्यामुळे मधल्या खळग्याची बडदास्त ठेवली जाते आणि कडेच्या पेशींचे संदेश गठ्ठ्याने पाठवले जातात. डोळ्यांचे संदेश मेंदूच्या मागच्या ज्या भागात आधी पोचतात, त्या प्राथमिक दृष्टिक्षेत्रातही हाच पक्षपात दिसतो : त्याची जवळजवळ निम्मी जागा नजरेच्या मधल्या 10 अंशांसाठी राखलेली असते. उरलेले सारे जग उरलेल्या जागेत दाटीवाटीने राहते.

मग हा व्यत्यय दृष्टिपटलावरच होतो असे का म्हणू नये? या शंकेचे उत्तर 1963 मध्ये प्रसिद्ध झालेल्या फ्लॉम आणि सहकाऱ्यांच्या प्रयोगाने दिले. त्यांनी ओळखायची आकृती एका डोळ्याला दाखवली आणि अडथळा आणणाऱ्या रेषा दुसऱ्या डोळ्याला. दोन्ही डोळ्यांचे संदेश मेंदूत पोचल्यावरच एकत्र येतात. तरीही व्यत्यय आला. म्हणजे गर्दी होते ती मेंदूत. या घटनेची वर्णने त्याच्याही आधीची आहेत : कोर्टे यांनी 1923 मध्ये कडेच्या नजरेने अक्षरे वाचताना होणारे गोंधळ नोंदवले होते, आणि 1936 मध्ये एलर्स यांनी दाटीतल्या अक्षरांचा प्रश्न मांडला होता.

या विषयातला सर्वांत उपयोगी नियम डच संशोधक हर्मन बाऊमा यांनी 1970 मध्ये मांडला. वस्तू नजरेच्या केंद्रापासून जितक्या अंशांवर असेल, त्याच्या साधारण निम्म्या अंतरापर्यंत दुसरी वस्तू नसावी; असली तर व्यत्यय येतो. दादरच्या पुलावर हा हिशेब करून पाहावा. 10 मीटरवरच्या इंडिकेटरकडे आपण बघत आहोत आणि तितक्याच पुढे, 20 अंश बाजूला, कोणी उभे आहे. बाऊमांच्या नियमाने त्या माणसाभोवती 10 अंश, म्हणजे पावणेदोन ते दोन मीटर, जागा मोकळी हवी. गर्दीच्या वेळी दादरला दोन माणसांत दोन वीत अंतर मिळाले तरी नशीब.

या नियमातली महत्त्वाची गोष्ट अशी की मोकळ्या जागेची ही गरज वस्तूच्या आकारावर फारशी अवलंबून नसते, वस्तू नजरेच्या केंद्रापासून किती दूर आहे यावर ती अवलंबून असते. मुंबईतल्या पाट्या रंगवणाऱ्यांनी आणि लावणाऱ्यांनी हे मनावर घ्यायला हवे असे प्रस्तुत लेखकाला कळकळीने वाटते. पाटीचा आकार ठरलेला असतो. त्यात अक्षर मोठे करत गेले की दोन अक्षरांमधली, दोन ओळींमधली आणि शेजारच्या जाहिरातीपर्यंतची जागा खाल्ली जाते. पाटी भरगच्च दिसते, पण रस्त्यावर नजर ठेवून दुचाकी चालवणाऱ्याला ती कडेने वाचता येत नाही. बसथांब्यावर फोनमध्ये डोके घालून उभ्या असलेल्या माणसालाही कडेने लाल बस येताना दिसते, पण तिचा तीन आकडी क्रमांक कळत नाही. त्यातही मधला आकडा सर्वाधिक हरवतो, कारण त्याला दोन्ही बाजूंनी शेजारी आहेत.

शेजारी कोणत्या दिशेला आहे यानेही फरक पडतो. नजरेच्या केंद्रापासून वस्तूकडे जाणाऱ्या रेषेवर असलेला शेजारी, त्या रेषेच्या आडव्या दिशेला असलेल्या शेजाऱ्यापेक्षा, जास्त त्रास देतो. त्या रेषेवरही आतल्यापेक्षा बाहेरच्या बाजूचा जास्त. टूट आणि लीव्ही यांनी 1992 मध्ये या व्यत्ययक्षेत्राचा लांबट आकार मोजून दाखवला. देवनागरीला हा नियम लावला तर एक गंमतशीर गोष्ट निघते. नजरेच्या उजवीकडे असलेल्या शब्दात मागचे-पुढचे अक्षर त्रासाच्या दिशेला येते. वरची वेलांटी किंवा खालचा उकार कमी त्रासाच्या दिशेला.

साम्याचा मुद्दा रेल्वे स्थानकावर सहज पटतो. शेजारी एकमेकांसारखे असतील तर व्यत्यय वाढतो. रंग किंवा उजळपणा वेगळा असेल तर तो ओसरतो. म्हणूनच ऑफिसच्या फिकट शर्टांच्या गर्दीत हमालाचा लाल सदरा कडेच्या नजरेलाही सापडतो.

मिसळलेल्या माहितीचे पुढे काय होते? ती पुसली जात नाही. हे (He), कॅव्हानॉ आणि इंट्रिलिगेटर या तीन संशोधकांनी 1996 मध्ये दाखवले की दाटीतल्या रेषांचा कल माणसाला सांगता आला नाही, तरी त्या कलाचा परिणाम त्याच्या नंतरच्या बघण्यावर होतो. पार्क्स आणि सहकाऱ्यांच्या 2001 च्या प्रयोगात असे आढळले की दाटीतल्या एका आकृतीचा कल सांगता येत नसताना सगळ्या पुंजक्याचा सरासरी कल मात्र बरोबर सांगता येतो. मेंदू एकेकाची नावे टाकून देतो आणि जमावाचा कल ठेवतो. पुलावर लोंढा कोणत्या फलाटाकडे वळतो आहे हे न बघता कळते ते याच प्रकारच्या बेरजेमुळे असावे. ही मिसळण मेंदूच्या नेमक्या कोणत्या टप्प्यावर होते, प्राथमिक दृष्टिक्षेत्रात की त्यापुढच्या भागांत, यावर संशोधकांचे एकमत नाही.

काचबिंदूत कडेची दृष्टी खरोखरच नाहीशी होते. तिचा दृश्यगर्दीशी घोटाळा करू नये.

निरोगी माणूस दृश्यगर्दीवर सतत मात करत असतो, ती नजर हलवून. आपले डोळे सेकंदाला साधारण तीनदा उडी घेतात. मुंबईच्या आझाद मैदानावर 22 खेळपट्ट्या आहेत आणि एका सामन्याचा सीमारेषेवरचा क्षेत्ररक्षक दुसऱ्या सामन्याच्या मधोमध उभा असतो. पांढऱ्या कपड्यांतल्या त्या गर्दीत आपला गडी कडेने ओळखता येत नाही. हाक आली की नजर वळते आणि गडी ओळखू येतो.

ज्यांना ही मुभा नाही त्यांचे हाल जास्त. म्हातारपणी दृष्टिपटलाचा मध्यभाग झिजला की वाचन कडेच्या नजरेवर येते, आणि भिंग घेऊनही ते सावकाशच होते, कारण एका नजरेत मोजकीच अक्षरे सुटी दिसतात. आळशी डोळ्याच्या, म्हणजे ज्या डोळ्याची नजर लहानपणी नीट घडलीच नाही अशा, मुलांत तर दृश्यगर्दी नजरेच्या मध्यभागीही ठाण मांडते; स्टुअर्ट आणि ब्यूरियन यांनी 1962 मध्ये हा प्रश्न तपशिलाने अभ्यासला. असे मूल सुटे अक्षर वाचते, पण त्याच आकाराची अक्षरे ओळीत आली की अडखळते. घरी त्याला ‘लक्ष नाही’ म्हणून बोलणी बसतात, आणि हे फार अन्यायाचे आहे. तपासणीत एकेकटे अक्षर दाखवले तर दोष लपून राहू शकतो. त्यामुळे मुलांच्या तक्त्यांवर अक्षरे ओळीने मांडतात, किंवा सुट्या अक्षराच्या चारही बाजूंना मुद्दाम आडव्या-उभ्या रेघा ओढलेल्या असतात.