श्रद्धा आणि मानसशास्त्र

ईश्वर आहे की नाही, याचा निवाडा मानसशास्त्र करत नाही. माणूस श्रद्धा कशी ठेवतो, ती त्याच्या मनात कोणते काम करते आणि केव्हा त्याच्यावरच उलटते, हा या शास्त्राचा प्रांत. विसाव्या शतकाच्या आरंभी स्विस मानसशास्त्रज्ञ तेओदोर फ्लूर्नवा यांनी ही मर्यादा तत्त्व म्हणून मांडली : अतींद्रिय सत्ता मानसशास्त्राने मान्यही करू नये, नाकारूही नये. पुढे ही मर्यादा दोन्ही बाजूंनी ओलांडली गेली.

अमेरिकन तत्त्वज्ञ आणि मानसशास्त्रज्ञ विल्यम जेम्स यांनी १९०१-०२ मध्ये एडिंबरो येथे दिलेली व्याख्याने १९०२ साली ग्रंथरूपाने आली आणि या विषयाचा पाया पक्का झाला. धर्मसंस्था बाजूला ठेवून त्यांनी एकेकट्या माणसांच्या आठवणी आणि कबुल्या वाचल्या. ख्रिस्ती धर्माचे आद्य प्रचारक संत पॉल यांना झालेले येशूचे दर्शन म्हणजे अपस्माराचा झटका, असे म्हणून विषय मिटवणाऱ्यांना त्यांचे उत्तर होते की, अनुभव कुठून उगवला यावरून त्याचे मोल ठरत नाही; त्याने माणसाच्या जगण्यात काय घडवले ते पाहावे. हा निकष आजही जुना वाटत नाही.

मनोविश्लेषणाचे जनक सिग्मंड फ्रॉइड यांनी १९०७ मध्ये धार्मिक विधी आणि मनोग्रस्ती (एकाच विचाराने पछाडलेल्या) रुग्णाच्या ठरावीक कृती यांतील साम्य दाखवले, तर १९२७ मध्ये धर्माला ‘भ्रम’ म्हटले. हा शब्द नेहमी चुकीचा वाचला जातो. भ्रम म्हणजे इच्छेतून जन्मलेली समजूत. ती खोटीच असते असे नाही, आणि वास्तवाशी उघड विसंगत अशा संभ्रमापासून फ्रॉइड तिला वेगळे ठेवतात. त्यांचे स्नेही ऑस्कर फिस्टर पाद्रीही होते आणि मनोविश्लेषकही. त्यांनी १९२८ मध्ये या मताला जाहीर उत्तर दिले. मैत्री मात्र टिकली.

अमेरिकन मानसशास्त्रज्ञ गॉर्डन ऑलपोर्ट यांच्यासमोरचे कोडे वेगळे होते : प्रेम शिकवणाऱ्या धर्माच्या अनुयायांत पूर्वग्रह इतका का आढळतो? जे. मायकेल रॉस यांच्यासह १९६७ मध्ये त्यांनी भेद केला. काही जण धर्म वापरतात, म्हणजे प्रतिष्ठेसाठी, ओळखीपाळखीसाठी, आधारासाठी. काही जण धर्म जगतात. पूर्वग्रह पहिल्या गटात अधिक दिसला.

श्रद्धेला परिस्थिती कशी मागे सारते, हे मानसशास्त्रज्ञ डार्ली आणि बॅटसन यांच्या १९७३ च्या प्रयोगात दिसते. अमेरिकेतील प्रिन्स्टन येथील धर्मशास्त्राच्या ४० विद्यार्थ्यांना छोटे भाषण द्यायला शेजारच्या इमारतीत पाठवले. वाटेत बोळात एक माणूस मान खाली घालून, डोळे मिटून बसलेला. कोणी जवळून गेले की तो खोकायचा, कण्हायचा. निम्म्यांचा भाषणविषय होता बायबलमधील भल्या शोमरोनीची कथा, म्हणजे वाटेत पडलेल्या जखमी परक्याला उचलणाऱ्याची. तरी मदत ठरली ती घाईवरून : निवांत असलेल्यांपैकी ६३ टक्के थांबले, उशीर झाल्याचे सांगितलेल्यांपैकी केवळ १० टक्के. याच कथेवर बोलायला निघालेले काही विद्यार्थी तर त्याला ओलांडून पुढे गेले.

उपचारांच्या दृष्टीने सर्वांत मोलाचे काम अमेरिकन मानसशास्त्रज्ञ केनेथ पार्गामेंट यांचे. संकटात श्रद्धा दोन तऱ्हांनी उभी राहते. ‘देव माझ्या पाठीशी आहे’ म्हणणाऱ्याला ती सावरते. ‘देवाने मला टाकले’ म्हणणाऱ्याला तीच पोखरते. रुग्णालयात दाखल झालेल्या, वयाची पंचावन्न वर्षे ओलांडलेल्या सुमारे सहाशे रुग्णांचा त्यांनी आणि सहकाऱ्यांनी दोन वर्षे मागोवा घेतला. २००१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात, देवाने आपल्याला सोडले की काय, त्याचे आपल्यावर प्रेम उरले नाही की काय, अशा विचारांनी ग्रासलेल्यांत मृत्यूचा धोका अधिक आढळला. प्रकृतीतील फरक हिशेबात घेऊनही. म्हणून ‘तुम्ही श्रद्धाळू आहात का?’ एवढे विचारून समुपदेशकाचे भागत नाही. या आजारपणात देवाशी तुमचे कसे चालले आहे, हे विचारावे लागते, आणि उत्तर यायला वेळ लागला तर थांबावे लागते.