मुंबईतील मतदारवर्तन व नागरी सहभाग

मुंबईतले लोक मत का देतात, का देत नाहीत आणि दोन निवडणुकांच्या मधल्या काळात शहराच्या कारभारात कसा भाग घेतात, हा या नोंदीचा विषय आहे. शहरात लोकसभेचे सहा व विधानसभेचे ३६ मतदारसंघ आहेत आणि बृहन्मुंबई महानगरपालिकेचे २२७ प्रभाग आहेत. मतदानाचा टक्का राज्याच्या सरासरीपेक्षा कायम खाली असतो. नोव्हेंबर २०२४ च्या विधानसभा निवडणुकीत राज्यात सुमारे ६६ टक्के मतदान झाले. मुंबई शहर जिल्ह्यात ते ५२ टक्क्यांच्या आसपास होते, उपनगर जिल्ह्यात थोडे अधिक. ‘मुंबईकर उदासीन’ हा निष्कर्ष दर निवडणुकीनंतर नव्याने मांडला जातो, पण तो अपुरा आहे. रोजचे पाणी, डोक्यावरचे छप्पर आणि दारातले गटार ज्यांच्या बाबतीत सरकारी निर्णयावर अवलंबून आहे, ते या शहरात रांगेत उभे राहतात. ज्यांना या गोष्टी सोसायटीच्या देखभाल शुल्कातून मिळतात, त्यांच्यात मतदान घटते. त्याच निवडणुकीत कुलाब्यात ४५ टक्क्यांच्या आत आणि भांडुपमध्ये ६० टक्क्यांच्या वर मतदान झाले. एकाच शहरातल्या या दोन टोकांमधले अंतर शहर आणि खेड्यातल्या अंतराएवढे आहे.

करदात्यापासून प्रौढ मतदारापर्यंत

मुंबईत निवडणूक आली ती करदात्यांसाठी. १८७२ च्या कायद्याने स्थापन झालेल्या महापालिकेत ६४ सदस्य होते आणि त्यांतले निम्मे करदाते निवडून देत. फिरोजशहा मेहता यांच्यासारख्या धुरीणांनी या सभागृहाला वजन मिळवून दिले, तरी गिरणीत राबणारा आणि चाळीत राहणारा माणूस मतदार नव्हता. १८८८ चा अधिनियम आजही पालिकेचा मूळ कायदा आहे. प्रौढ मताधिकारावर पालिकेची पहिली निवडणूक १९४८ मध्ये झाली.

त्यानंतरच्या तीन दशकांत मुंबईचे मतदान चाळ, गिरणी आणि युनियन यांच्या आधाराने उभे राहिले. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात गिरणगावाने रक्त सांडले होते आणि १९५७ च्या निवडणुकीत त्याचा कौल मतपेटीत उतरला. १९६७ मध्ये दक्षिण मुंबईत कामगार नेते जॉर्ज फर्नांडिस यांनी स. का. पाटील यांचा पराभव केला. मुंबई काँग्रेसचा सर्वेसर्वा मानला जाणारा नेता हरू शकतो, हे तेव्हा देशाने पाहिले. १९८२ च्या गिरणी संपानंतर दत्ता सामंत १९८४ मध्ये दक्षिण मध्य मुंबईतून लोकसभेवर गेले. काँग्रेसच्या बाजूने सहानुभूतीची लाट असताना हे घडले, म्हणून ते लक्षात ठेवण्यासारखे आहे. संप मात्र मोडला, गिरण्या बंद पडत गेल्या आणि माणसाला घरातून उठवून केंद्रापर्यंत नेणारी युनियनची वीण उसवली.

ती जागा पुढे मोठ्या प्रमाणात शाखेने घेतली. १९६६ मध्ये स्थापन झालेल्या शिवसेनेची शाखा म्हणजे नाक्यावरची खोली, बाहेर फळा आणि आत शाखाप्रमुख. शाळेतला प्रवेश, रुग्णालयातली खाट, रेशनकार्ड, नवरा-बायकोचे भांडण, सगळ्या अडचणी तिथे नेल्या जात. निवडणूक आली की गटप्रमुख मतदार यादी घेऊन इमारतीगणिक फिरतो आणि कोण गावाला गेले, कोणाचे लग्न होऊन नाव सासरी जायला हवे, हे सारे त्याला तोंडपाठ असते. इतर पक्षांनीही आपापल्या परीने अशी साखळी बांधली. मुंबईत जिथे ही साखळी दाट आहे तिथे मतदान जास्त होते. उंच टॉवरच्या फाटकावर सुरक्षारक्षक कार्यकर्त्याला थांबवतो आणि तिथे ती तुटते.

यादीतले नाव

मुंबईच्या मतदारवर्तनाचा सर्वांत महत्त्वाचा आणि सर्वांत कमी बोलला जाणारा धागा झोपडपट्टीतल्या घराशी जोडलेला आहे. २०११ च्या जनगणनेनुसार शहरातली सुमारे ४० टक्के लोकसंख्या झोपडपट्टीत राहते. पुनर्वसन योजनेत पात्र ठरण्यासाठी झोपडी ठरावीक तारखेआधीची असल्याचे सिद्ध करावे लागते. ही तारीख आधी १ जानेवारी १९९५ होती, नंतर १ जानेवारी २००० झाली. त्यासाठी जे पुरावे धरले जातात त्यांत त्या काळच्या मतदार यादीतले नाव फार मोलाचे. पात्र-अपात्र रहिवाशांची यादी, म्हणजे परिशिष्ट-२, तयार होताना जुन्या यादीच्या झेरॉक्स प्रती प्लॅस्टिकच्या पिशवीतून बाहेर निघतात. ज्याचे नाव त्या यादीत नव्हते, त्याचे घर जाऊ शकते.

हे कळले की एरवी कोडे वाटणारी गोष्ट उलगडते. धारावी, गोवंडी, मालवणी किंवा भांडुपच्या टेकडीवर नाव नोंदवणे, ते टिकवणे आणि निवडणुकीला हजर राहणे हा घर सांभाळण्याचाच भाग आहे. मत दिले नाही म्हणून कायद्याने नाव कापले जात नाही, तरी ती भीती वस्तीत खोल रुजलेली आहे. जोडीला नगरसेवकाशी असलेला रोजचा संबंध आहे. सार्वजनिक शौचालयाचे दार, गल्लीतल्या लाद्या, पाण्याच्या लाइनचा दाब, ही कामे त्याच्याकडे पाठपुरावा केल्यावाचून होत नाहीत. पाठपुरावा करणारी वस्ती किती मतांची आहे, हे दोन्ही बाजूंना पक्के ठाऊक असते.

‘झोपडपट्टीवाले पैसे घेऊन मत देतात’ असे सुस्थित घरांतून सहज म्हटले जाते. निवडणुकीत पैसा वाटला जातो, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण तेवढ्यावर लाखो लोकांच्या चिकाटीचा अर्थ लावणे अन्यायाचे आहे. आपले मत कशासाठी वापरायचे याचा हिशेब या शहरात सर्वांत काळजीपूर्वक याच वस्त्यांमध्ये होतो.

टक्का कमी का दिसतो

२६ नोव्हेंबर २००८ च्या हल्ल्यानंतर आठवडाभरात गेटवे ऑफ इंडियापाशी प्रचंड गर्दी जमली आणि राजकारण्यांविरुद्धचा संताप रस्त्यावर दिसला. पाच महिन्यांनी, ३० एप्रिल २००९ रोजी लोकसभेचे मतदान झाले, तेव्हा मुंबईचा टक्का ४१ च्या आसपास होता आणि दक्षिण मुंबईत ४० च्या. तो गुरुवार होता आणि दुसऱ्या दिवशी महाराष्ट्र दिनाची सुट्टी. बँकिंग क्षेत्रातून आलेल्या मीरा सन्याल त्या मतदारसंघात अपक्ष उभ्या होत्या. त्यांची चर्चा खूप झाली, मते थोडी मिळाली. संताप आणि मतदान यांचा संबंध आपोआप जुळत नाही, हे त्या वर्षी मुंबईने दाखवले. जोडून सुट्ट्या येऊ नयेत म्हणून नोव्हेंबर २०२४ मध्ये निवडणूक आयोगाने मुद्दाम बुधवार निवडला होता.

मात्र हा टक्का ज्या मतदार यादीवरून काढतात, तीही तपासायला हवी. मुंबईची मतदार यादी सतत शिळी होत असते. चाळ पुनर्विकासाला जाते, भाडेकरू संक्रमण शिबिरात जातात, भाड्याने राहणारे अकरा महिन्यांनी घर बदलतात, मुले परदेशी जातात आणि नावे जुन्या पत्त्यावर राहतात. मृतांची नावे वगळण्यासाठी नमुना ७ भरायला कोणी जात नाही. कोकणातल्या चाकरमान्याचे नाव बऱ्याचदा गावाला असते आणि त्याचे मन ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत अधिक गुंतलेले असते. एप्रिल-मे मध्ये मतदान आले की तो मुंबईत नसतोच. त्यामुळे न आलेला प्रत्येक मतदार उदासीन नसतो. त्यातले काही त्या पत्त्यावर नसतात, काही या जगातच नसतात. दुसरीकडे, वर्षानुवर्षे मत देणाऱ्याला ऐन दिवशी यादीत नाव सापडत नाही, ही तक्रारही जुनी आहे. पत्ता बदलण्यासाठी नमुना ८ आणि नव्या नोंदणीसाठी नमुना ६ आहे, तो ऑनलाइनही भरता येतो. पण केंद्रस्तरीय अधिकाऱ्याच्या, म्हणजे बीएलओच्या, घरोघरच्या फेरीला पर्याय नाही.

मतदानाच्या दिवशी भरपगारी सुट्टी देणे लोकप्रतिनिधित्व अधिनियमाच्या कलम १३५-ब नुसार बंधनकारक आहे आणि रोजंदारीवरच्या कामगारालाही ते लागू होते. रिक्षावाला, फेरीवाला, चार घरची धुणीभांडी करणारी बाई यांना मात्र सुट्टी द्यायला कोणी मालकच नाही. त्यांना कमाई बुडवून रांगेत उभे राहावे लागते. २० मे २०२४ रोजी मुंबईत अनेक केंद्रांवर लोक उन्हात तासन्‌तास ताटकळले आणि काही परतलेही. त्याच निवडणुकीत वायव्य मुंबईचा निकाल अवघ्या ४८ मतांनी लागला.

दोन निवडणुकांच्या मध्ये

कमी मत देणारा मुंबईकर नागरिक म्हणून गप्प असतो, असे मात्र नाही. १९९० च्या दशकात घाटकोपरच्या जोशी लेनमधल्या रहिवाशांनी कचरा घरातच वेगळा करून गल्ली स्वच्छ ठेवायला सुरुवात केली आणि त्यातून पालिकेची प्रगत परिसर व्यवस्थापन योजना, म्हणजे लोकांच्या तोंडची ‘एएलएम’, आकाराला आली. पुढे शहरभर असे गट झाले. अग्नी, प्रजा फाउंडेशन यांसारख्या संस्थांनी नगरसेवक आणि प्रशासन यांच्या कामाचा हिशेब मागायची सवय लावली. २००७ मध्ये जुहूच्या रहिवाशांनी अ‍ॅडॉल्फ डिसोझा यांना पक्षाविना, नागरिकांचा उमेदवार म्हणून पालिकेत निवडून पाठवले. हा प्रयोग गाजला, पण २०१२ मध्ये तो शहरभर पसरू शकला नाही. पक्षाची साखळी आणि खर्चाची ताकद नसताना २२७ ठिकाणी ते जमवणे अवघड होते.

हरकती-सूचना हे मध्यमवर्गाचे दुसरे हत्यार. २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या विकास आराखड्याच्या मसुद्यात रस्ते, उद्याने, वारसा वास्तू यांबद्दलच्या ढोबळ चुका निघाल्या. नागरिकांनी हजारो हरकती नोंदवल्या आणि मसुदा नव्याने करण्याची वेळ सरकारवर आली. सुधारित आराखडा २०१८ मध्ये मंजूर झाला.

एएलएममध्ये सोसायट्या पुढे असतात आणि त्यांच्या तक्रारींत शेजारची वस्ती किंवा फेरीवाला हाच प्रश्न म्हणून येतो, ही टीका रास्त आहे. वस्त्यांनीही नगरसेवकापलीकडचे मार्ग शोधले आहेत. पाणी हक्क समितीने २००० नंतरच्या झोपड्यांना पाणी नाकारण्याच्या धोरणाला न्यायालयात आव्हान दिले. डिसेंबर २०१४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने सांगितले की पाणी हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे आणि झोपडी बेकायदा असली तरी माणसाला पाणी नाकारता येत नाही. २०२२ मध्ये पालिकेने ‘सर्वांसाठी पाणी’ धोरण जाहीर केले, त्यामागे हा लढा आहे. महिलांसाठी मोफत, सुरक्षित मुताऱ्या मिळाव्यात म्हणून उभी राहिलेली ‘राइट टू पी’ मोहीमही याच शहरातली.

नगरसेवकांविना पालिका

२०१७ च्या पालिका निवडणुकीत सुमारे ५५ टक्के मतदान झाले, २०१२ पेक्षा दहा टक्क्यांनी जास्त. त्या सभागृहाची मुदत ७ मार्च २०२२ रोजी संपली. प्रभागरचना आणि इतर मागासवर्गीयांचे आरक्षण यांवरच्या वादांत निवडणूक अडकली आणि जवळपास चार वर्षे प्रशासक कारभार पाहत राहिले. २०२५-२६ चा ७४,४२७ कोटी रुपयांचा अर्थसंकल्पही लोकनियुक्त सभागृहाविना मंजूर झाला. मुंबईत कार्यकारी अधिकार आधीच महापौराकडे नसून आयुक्तांकडे आहेत. नगरसेवक गेल्यावर स्थायी समितीत प्रश्न विचारणारेही उरले नाहीत. याची सर्वांत मोठी झळ वस्त्यांना बसली. इंग्रजीत ईमेल लिहू शकणारा रहिवासी वॉर्ड ऑफिसात थेट पोचतो, माहिती अधिकाराचा अर्ज करतो. नळ कोरडा पडलेल्या बाईला नगरसेवकाचे दार हाच रस्ता होता आणि ते दारच नव्हते.

अखेर १५ जानेवारी २०२६ रोजी मतदान झाले. मतदारांची संख्या एक कोटीच्या वर गेली होती आणि टक्का ५३ च्या जवळ राहिला, म्हणजे नऊ वर्षांपूर्वीपेक्षा थोडा कमीच. स्थानिक निवडणुकांपुरता राज्य निवडणूक आयोगाचा २०१८ चा एक आदेश मतदाराला जादा बळ देतो: ‘नोटा’ला सर्वाधिक मते पडली तर फेरनिवडणूक घ्यावी. लोकसभा आणि विधानसभेला असा नियम नाही.

७४ व्या घटनादुरुस्तीने प्रभाग समित्या आणल्या. मुंबईच्या अधिनियमानुसार या समित्यांवर बिगर-सरकारी संस्थांचे तीनपर्यंत सदस्य नेमता येतात. प्रत्यक्षात या जागांवर पक्षांच्या मर्जीतली माणसे बसवल्याचा आक्षेप वारंवार घेतला गेला. मतदान केंद्राच्या पातळीवर मतदारांनी एकत्र बसून कामे सुचवावीत, अशा क्षेत्रसभेची तरतूदही राज्याने कायद्यात केली. गावातल्या माणसाला ग्रामसभेत उभे राहून सरपंचाला जाब विचारता येतो. मुंबईच्या मतदाराला तशी बसण्याची जागा अजून मिळालेली नाही.