कर्नलमधला ‘र’ आला कुठून?

गेल्या रविवारी वानवडीत ओळखीच्यांकडे गेलो होतो. शेजारच्या दारावर एका निवृत्त लष्करी अधिकाऱ्याची इंग्रजी पितळी पाटी. बरोबरच्या चौथीतल्या भाचीने अक्षरं लावत वाचलं, “कोलोनेल.” मी म्हटलं, “कर्नल.” ती म्हणाली, “मामा, यात आर कुठंय?”

रास्त प्रश्न. मूळ शब्द इटालियन, ‘कोलोन्नेल्लो’. ‘कोलोन्ना’ म्हणजे खांब, त्यावरून सैनिकांची रांग; तिचा म्होरक्या तो कोलोन्नेल्लो. फ्रेंचांच्या तोंडी त्याचा ‘कोरोनेल’ झाला आणि १६व्या शतकात इंग्रजीने तोच उचलला. पुढे शिकल्यासवरल्यांना इटालियन मूळ आठवलं, त्यांनी स्पेलिंगात ‘ल’ परत बसवला. बोलणाऱ्यांनी मात्र शेवटी ‘र’च राखला. शिधासामग्रीसाठीचा ‘व्हिटल्स’ हाही त्यातलाच. त्याच्या स्पेलिंगातला मुका सी लॅटिनच्या हौसेने घुसडलेला.

पण मुळात ‘ल’चा ‘र’ का झाला? याला विषमीकरण म्हणतात. एका शब्दात दोन सारखे ध्वनी जवळजवळ आले की एक जण वेष पालटतो. संस्कृत ‘लांगल’, मराठी ‘नांगर’. संस्कृत ‘ललाट’, प्राकृतात ‘णिडाल’, मराठीत ‘निढळ’. निढळाच्या घामातलं निढळ ते हेच. लॅटिन ‘पुरपुरा’, इंग्रजी ‘पर्पल’.

‘कच्चा पापड, पक्का पापड’ म्हणताना अडखळते तशी जीभ अडखळते, हे एक स्पष्टीकरण. जॉन ओहाला या भाषावैज्ञानिकाने १९८१मध्ये बोट दाखवलं ते ऐकणाऱ्याकडे. ‘ल’ म्हणताना जिभेचं टोक वर टेकतं आणि हवा कडांनी निसटते. ही तयारी आधीच्या स्वरातच सुरू होते, त्यामुळे ‘ल’ची छटा आजूबाजूला सांडते. ऐकणारा मेंदू हे सांडलेलं नकळत पुसत असतो. शब्दात ‘ल’ दोनदा आला, तर पहिला म्हणजे दुसऱ्याचीच सांडलवंड असं त्याला वाटतं आणि तो खराखुरा ‘ल’ पुसून बसतो. पोथीची नक्कल करणाऱ्याने डाग समजून अनुस्वार खरवडावा, तसं. म्हणून ही गत जास्त करून लांबवर पसरणाऱ्या गुणांची होते. महाप्राण, म्हणजे ‘भ’, ‘ध’ यांतला ‘ह’चा झोत, हा असाच गुण: संस्कृतात मूळचे दोन महाप्राण लागोपाठ आले की पहिला अल्पप्राण होतो. ‘भू’चं द्वित्व (पहिलं अक्षर दोनदा येणं) ‘भभूव’ न होता ‘बभूव’ झालं, ते यामुळेच.

इथवर भाची कधीच आत पळाली होती.

इंग्रजी वेडी आणि मराठी मात्र ‘जशी बोलतो तशीच लिहितो’, अशी ढकलपत्रं रोज सकाळी येतात. ती पाठवणाऱ्यांनी ‘चहा’ आणि ‘चमचा’ एकापाठोपाठ मोठ्याने म्हणावं. आत चहा आला तेव्हा भाचीला म्हणायला लावलं. तिने दोनदा म्हटलं, मग बशीतल्या चमच्याकडे बघत विचारलं, “मग याला वेगळं अक्षर का नाही?”